ती सही

इस्रायलमध्ये सक्तीच्या सैनिकी सेवेसाठी मुलांना बोलावतात तेव्हा आई-वडिलांना कोणी विचारत नाही. पण मुलगा एकुलता एक असेल तर लढाऊ तुकडीत जायला त्यांची लेखी संमती लागते. मी ज्या आजींची देखभाल करते, त्यांच्या लेकीने अशी सही दिली आहे. कळलं तेव्हा मला बाईंचा रागच आला. नवसाने झालेलं एकुलतं एक पोर, आणि आईने असा कागद हातात तरी कसा घ्यावा?

कागद किती महिने तसाच पडून होता म्हणे. मुलगा मागे लागलेला, मित्र सगळे तिकडेच चाललेले. शेवटी बाईंनी सही केली, कारण आपल्या भीतीपायी त्याने आयुष्यभर मान खाली घालावी हे त्यांना पटेना. बत्तीस महिन्यांची सेवा करून तो सुखरूप परतला आणि राखीव दलात गेला.

मग ७ ऑक्टोबर २०२३ उजाडला. शनिवार, त्यात सण. बाई कडक सोवळ्याच्या; शब्बाथला, म्हणजे ज्यूंच्या शनिवारच्या विश्रांतीच्या पवित्र दिवशी, फोनला हात लावत नाहीत, गाडी तर सोडाच. त्या दिवशी मुलाला बोलावणं आलं आणि बाई स्वतः गाडी काढून त्याला सोडून आल्या. जीव वाचवण्यासाठी शब्बाथ मोडायला त्यांचा धर्म मुभा देतो. त्या दिवसांत तीन लाखांवर राखीव सैनिक असेच घराबाहेर पडले. तेव्हापासून शब्बाथलाही फोन बाईंच्या उशाशी असतो. दर आठवड्याला त्या एकट्या मुलाचं नव्हे, अख्ख्या तुकडीचं जेवण रांधतात.

सैन्यातून सुटलेली ही पोरं आपण गोव्यात हरमल-हणजूणला पाहिलीत. मोटारसायकली उडवतात म्हणून नावं ठेवलीत. त्यांच्यामागे घरी अशी आई असते, हे तिथे दिसत नाही. आपल्या आया कमी आहेत असं मी म्हणत नाही. बोटीवर गेलेल्या मुलासाठी पेडण्यात किती जणी महिनोन्महिने जीव मुठीत धरून असतात, मला ठाऊक आहे. आणि गाझातल्या आयांना तर कुठलीच संमती कोणी विचारली नाही, हेही माझ्या मनातून जात नाही.

इथल्या भारतीयांना मायदेशी नेणारी ‘ऑपरेशन अजय’ची विमानं सुटली तेव्हा मोरजीहून आई रोज रडायची, परत ये म्हणायची. मोरजाईपुढे तिने गाऱ्हाणं घातलं, त्यात बाईंच्या मुलाचंही नाव घेतलं. मी मात्र आले नाही. घराचं कर्ज आहे, ते खरंच. पण आजी रात्री दोनदा उठतात, त्यांना धरावं लागतं, आणि त्यांची लेक फोनपासून हलत नाही. या घरात तिसरं माणूस हवंच.