आमची वाटचाल: ठोशाआधीच्या फ्रेम

कोथरूडमधील एका पोटमाळ्यावर, दोन संगणकांच्या आधारे आम्ही संकलनाचे काम सुरू केले, तेव्हा लग्नाच्या चित्रफितींवरच आमचे भागत असे. त्या काळाबद्दल सांगण्यासारखे फारसे नाही. अक्षता आणि वरातींवर वर्षानुवर्षे कात्री चालवून हात मात्र वेगवान झाला, आणि पुढे तोच वेग आम्हाला नडला.

एका मराठी चित्रपटातील मारामारी प्रथमच आमच्याकडे आली, तेव्हा मी दीड मिनिटात नव्वदहून अधिक कट घातले. निर्मात्यांनी प्रसंग शांतपणे पाहिला आणि म्हणाले, "जोर आहे हो, पण कोणी कोणाला मारलं ते कळलं नाही." दोन रात्री बसून तो पुन्हा जोडला, मानधन अर्थातच एकदाचेच मिळाले.

दोष कटांच्या संख्येत नव्हता. २०१५ च्या 'मॅड मॅक्स: फ्युरी रोड'मध्ये सुमारे २,७०० कट असूनही प्रेक्षक गोंधळत नाही, कारण महत्त्वाची हालचाल बहुतेक वेळा पडद्याच्या मध्यावर राहते आणि कटनंतर नजरेला नवी जागा शोधावी लागत नाही. माझ्या प्रसंगात नजर सतत डावी-उजवीकडे धावत होती. त्यातच एक शॉट रेषा (दोन पात्रांना जोडणारी काल्पनिक रेषा, जिच्या एकाच बाजूला कॅमेरा ठेवायचा असतो) ओलांडून घेतलेला असल्याने नायकाने क्षणभर बाजूच बदलली होती.

ठोसा नटाच्या गालापासून वीतभर दूरून जातो, हे आमच्या टाइमलाइनवर, म्हणजे संगणकावर ओळीने मांडलेल्या शॉटमध्ये, स्पष्ट दिसते. हात गालाशी पोहोचण्याआधीच आम्ही कट करतो आणि पुढच्या शॉटमध्ये तीच हालचाल दोन-तीन फ्रेम मागून उचलतो; सेकंदाला २४ फ्रेम धावत असताना ही पुनरावृत्ती जाणवत नाही, उलट कटनंतर नजर स्थिरावायला तेवढा अवधी मिळाल्याने फटका पूर्ण दिसल्यासारखा वाटतो. त्यावर नेमक्या फ्रेमला आवाज बसला की वीतभर अंतर कोणाच्याही लक्षात येत नाही.

आता आम्ही पाच जण आहोत. नव्याने आलेल्याला मी 'शोले'तील ठाकूरच्या कुटुंबाच्या हत्येचा प्रसंग दाखवतो. या चित्रपटाला प्रदर्शनानंतर स्पर्धेत मिळालेला एकमेव फिल्मफेअर पुरस्कार संकलक एम. एस. शिंदे यांचा होता. लहान मुलावर रोखलेली बंदूक दिसते, मूल पडताना दिसत नाही. तरीही मुलगा पडताना पाहिल्याचे बहुतेक जण मला ठामपणे सांगतात, आणि मग मी तो प्रसंग त्यांना पुन्हा, आवाज बंद करून, लावून देतो.