पुस्तक उघडण्याआधी फिरवून बघा

क्वांटमचं पाठ्यपुस्तक हातात आलं की लगेच उघडू नका. टेबलावर सपाट ठेवा. मुखपृष्ठ वर, कणा डावीकडे, पुस्तकाची वरची कड तुमच्यापासून लांब. आता त्याला दोन वळणं द्यायची. पहिलं वळण डावीकडून उजवीकडे जाणाऱ्या आडव्या अक्षाभोवती ९०°. म्हणजे लांबची कड उचलून पुस्तक उभं करायचं, मुखपृष्ठ तुमच्याकडे येईल. दुसरं उभ्या अक्षाभोवती ९०°, वरून पाहिल्यास घड्याळाच्या उलट दिशेने. पुस्तक आता कपाटात ठेवल्यासारखं उभं आहे. कणा तुमच्यासमोर, मुखपृष्ठ उजवीकडे.

परत मूळ जागी आणा आणि क्रम बदला. आधी उभ्या अक्षाभोवती फिरवा, मग लांबची कड उचला. या वेळी पुस्तक कण्यावर उभं आहे, मुखपृष्ठ तुमच्याकडे आणि त्यावरचं नाव आडवं पडलेलं. वळणं तीच, क्रम वेगळा, पुस्तकाची स्थिती वेगळी.

पुंज सिद्धांत (क्वांटम), सममिती आणि अवकाश-काल या तीन विषयांवर नाशिकमध्ये बी.एस्सी. किंवा एम.एस्सी. करणाऱ्यांनी कोणती पुस्तकं कोणत्या क्रमाने वाचावीत, असं विचारलं जातं. माझं उत्तर या दोन वळणांत आहे. तीन विषय, तीन कपाटं असं समजून वाचलं की तिन्ही अर्धवट राहतात. सममिती मधोमध ठेवून वाचलं, तर पहिल्यातला हिशेब तिसऱ्यात जसाच्या तसा भेटतो.

आता वळणं लहान करू. एका अक्षाभोवती १०°, दुसऱ्याभोवती १०°, मग पहिलं उलटं, मग दुसरं उलटं. पुस्तक मूळ जागी येत नाही, तिसऱ्या अक्षाभोवती सुमारे १.७° फिरलेलं राहतं. ५° ची वळणं घेतली तर उरतात सुमारे ०.४४°. कोन निम्मा, उरलेलं वळण चौथाई, म्हणजे उरणारा भाग कोनाच्या वर्गाच्या प्रमाणात आहे. कोनीय संवेगाचा जो कम्युटेटर, म्हणजे दोन क्रमांच्या गुणाकारांतला फरक, परीक्षेसाठी पाठ करतात (पहिल्या दोन घटकांचा कम्युटेटर म्हणजे आय गुणिले एच-बार गुणिले तिसरा घटक), तो एवढाच आहे. त्यात क्वांटमचं म्हणून फक्त एच-बार (प्लांकचा स्थिरांक भागिले दोन पाय) आणि आय (उणे एकचं वर्गमूळ), बाकी सगळी भूमिती.

ही गोष्ट सकुराईच्या क्वांटमच्या पुस्तकात तिसऱ्या प्रकरणाच्या पहिल्याच विभागात मांडलेली आहे. तो विभाग पेन घेऊन सोडवा. दोन्ही क्रमांचे गुणाकार कोनाच्या दुसऱ्या घातापर्यंत लिहा आणि वजाबाकी करा. इथे बहुतेक जण एकाच ठिकाणी अडकतात. विस्तार पहिल्या घातापर्यंतच घेतात, वजाबाकी शून्य येते, आणि मग 'हे कम्युट होतं, म्हणजे क्रमाने फरकच पडत नाही, की काय' असा घोळ होतो. प्रत्येक वळणाच्या स्वतःच्या विस्तारातली वर्गाची पदं दोन्ही क्रमांत सारखीच असतात, ती कटतात. उरतात ती दोन वेगळ्या अक्षांच्या पहिल्या घातांच्या गुणाकारातून आलेली पदं. दुसरी अडचण चिन्हाची. सकुराई वस्तू फिरवतो, अक्ष स्थिर ठेवतो. गोल्डस्टाइनच्या यांत्रिकीच्या पुस्तकात बहुतांशी अक्ष फिरतात. दोन्ही शेजारी ठेवून मॅट्रिक्स ताडून पाहिल्या की साइनची चिन्हं उलटी दिसतात. चूक तुमची नाही, पुस्तकाचीही नाही.

ग्रिफिथ्सचं क्वांटमचं पुस्तक सुरुवातीला घ्यायला हरकत नाही, पण आवृत्ती बघून घ्या. सममितीवरचं स्वतंत्र प्रकरण, सहावं, २०१८ च्या तिसऱ्या आवृत्तीतच आलं. जुन्या दुसऱ्या आवृत्तीत सहावं प्रकरण पर्टर्बेशनचं (छोट्या बदलांच्या अंदाजी हिशेबाचं) आहे. सीनियरकडून घेतलेलं किंवा जुन्या पुस्तकांत मिळालेलं पुस्तक बहुधा दुसऱ्या आवृत्तीचं निघतं. मग गटात गणितांचे क्रमांक जुळत नाहीत आणि एक तास त्यातच जातो. पैसे वाचवायचे असतील तर दुसरी आवृत्ती घ्या आणि सममितीसाठी सकुराईचं तिसरं-चौथं प्रकरण कॉलेजच्या वाचनकक्षात बसून करा. संदर्भ विभागातलं पुस्तक सहसा घरी देत नाहीत. मात्र सकुराई गाउसियन एककं वापरतो आणि ग्रिफिथ्स एसआय. एकातलं सूत्र दुसऱ्यात नेताना चार-पाय-एप्सिलॉन विसरला की हायड्रोजनची ऊर्जा भलतीच येते.

स्पिन म्हणजे कणाचा अंगभूत कोनीय संवेग. इलेक्ट्रॉन किंवा न्यूट्रॉनसारख्या स्पिन-अर्धा कणासाठी वळणाच्या मॅट्रिक्समध्ये कोनाचा निम्मा येतो. ३६०° फिरवलं तर अवस्था उणे एकने गुणली जाते, ७२०° नंतर मूळ होते. हे निव्वळ कागदी चिन्ह नाही. न्यूट्रॉनांचा झोत दोन वाटांनी पाठवून एका वाटेवर चुंबकीय क्षेत्राने स्पिन फिरवायचा आणि दोन्ही झोत परत एकत्र आणायचे, असे प्रयोग १९७५ मध्ये दोन गटांनी केले आणि ७२०° चं आवर्तन प्रत्यक्ष मोजलं. सकुराईच्या पुढच्याच विभागात ते आहे. ते वाचल्याशिवाय पुढे जाऊ नये, कारण 'अवस्था म्हणजे बाण' हे डोक्यातलं चित्र इथे मोडतं आणि ते मोडलेलंच बरं.

सममितीवर म्हणून वेगळं जाडजूड पुस्तक आणायची गरज या टप्प्यावर नाही. ग्रुप थिअरीची (सममितीच्या गणिताची) बरीच पुस्तकं स्फटिकांच्या सममितीपासून सुरू होतात आणि कॅरॅक्टर टेबलांत शंभर पानं घालवतात. रसायनशास्त्रवाल्यांना ती लागतात, या वाटेवर नाही. इथे चार गोष्टी पुरतात. जनरेटर (अतिलहान वळण किंवा सरकवणं घडवणारी राशी) म्हणजे काय, कम्युटेटर म्हणजे काय, रेप्रेझेंटेशन (सममिती मॅट्रिक्सांनी मांडणं) म्हणजे काय, आणि सगळ्या जनरेटरांशी कम्युट होणारी राशी कोणती.

एक गोंधळ मात्र आधीच काढून टाकायला हवा. पाडव्याला गोदाघाटावर काढलेल्या रांगोळीला ९०° किंवा ६०° फिरवलं तर ती तशीच दिसते. ही सममिती तुटक आहे, मधल्या कोनांना ती लागू नाही. एमी नोएथरचं १९१८ चं प्रमेय सलग सममितीबद्दल आहे, जिथे हवा तितका लहान कोन घेता येतो. काळात सरकवण्याच्या सममितीतून ऊर्जा, जागेत सरकवण्यातून संवेग, फिरवण्यातून कोनीय संवेग अक्षय्य राहतो. आरशातल्या प्रतिबिंबाची सममिती तुटक असूनही, ती जिथे लागू असते तिथे क्वांटममध्ये पॅरिटी (अवस्था सम की विषम) अक्षय्य राहते, पण ती नोएथरमुळे नव्हे. तोंडी परीक्षेत हा प्रश्न हमखास घसरवतो.

आता वळणांच्या शेजारी बूस्ट ठेवा, म्हणजे एका स्थिर गतीच्या चौकटीतून दुसरीत जाणं. दोन वेगवेगळ्या दिशांचे बूस्ट क्रम बदलून केले तर काय उरतं? बूस्ट नाही, वळण उरतं. लेवेलिन थॉमसने १९२६ मध्ये याच वळणाच्या आधारे हायड्रोजनच्या वर्णपटातल्या स्पिन-कक्षा पदात हवा असलेला अर्धा घटक काढून दाखवला. ग्रिफिथ्स तो अर्धा थॉमसच्या नावावर टाकून पुढे जातो. तिथे पेन्सिलीने खूण करा आणि बूस्टांचा कम्युटेटर करून झाल्यावर त्या पानावर परत या.

त्या कम्युटेटरमध्ये वळणांच्या तुलनेत एक जादा उणे चिन्ह येतं. ते अधिक असतं तर आपण चार मितींच्या साध्या अवकाशात फिरत असतो आणि काळ ही चौथी दिशा इतर तिघींसारखीच असती. काळ वेगळा आहे हे त्या एका चिन्हात आहे. प्रकाशाचा वेग सूत्रात ठेवून लिहिलं तर उजव्या बाजूला त्याच्या वर्गाने भागलेलं असतं. वेग अनंत मानला की उजवी बाजू शून्य, आणि गॅलिलिओचे बूस्ट कम्युट होतात. म्हणून पहिल्यांदा करताना प्रकाशाचा वेग १ धरू नका, हा मुद्दा डोळ्यांआड जातो. नंतर खुशाल धरा.

चिन्हाचीच दुसरी डोकेदुखी मेट्रिकची, म्हणजे अवकाश-कालातलं अंतर मोजण्याच्या सूत्राची. सापेक्षतेच्या पुस्तकांपैकी हार्टल, शुट्झ, कॅरोल आणि 'ग्रॅव्हिटेशन' (मिस्नर, थॉर्न, व्हीलर, १९७३) काळाला उणे आणि अवकाशाला अधिक देतात. क्वांटम क्षेत्र सिद्धांतावरचं पेस्किन आणि श्रोडर उलट. त्यामुळे चतुर्संवेगाचा (ऊर्जा आणि संवेग मिळून होणाऱ्या राशीचा) वर्ग एका पुस्तकात वस्तुमानाचा वर्ग, दुसऱ्यात उणे वस्तुमानाचा वर्ग. प्रत्येक पुस्तकाच्या आणि वहीच्या पहिल्या पानावर चार चिन्हं लिहून ठेवा. दोन पुस्तकांतून एकाच गणितात अर्धं-अर्धं उचललं तर उत्तर जवळपास नेहमी फसतं.

अवकाश-कालासाठी आधी हार्टल (२००३), मग शुट्झ किंवा कॅरोल. हार्टल टेन्सरचं गणित उशिरा आणतो. मेट्रिक हातात देऊन ग्रह, प्रकाश, कृष्णविवर यांचे हिशेब करून घेतो, आइनस्टाइनचं समीकरण अगदी शेवटाकडे येतं. गणिताची शिस्त आवडणाऱ्यांना हे खटकतं, तरी स्वतः अभ्यास करणाऱ्याला हाच क्रम मानवतो. कॅरोलच्या १९९७ च्या टिपणांची मूळ प्रत अर्काइव्ह (arXiv) या शोधनिबंधांच्या संकेतस्थळावर फुकट आहे, फाइनमनची व्याख्यानं कॅल्टेकच्या संकेतस्थळावर. पुस्तक विकत घेण्याआधी दोन्ही चाळावीत. सावाना (सार्वजनिक वाचनालय, नाशिक) हे १८४० पासूनचं वाचनालय, तिथलं मराठी विज्ञानलेखन जरूर वाचा, पण या हिशेबांना पाठ्यपुस्तकच लागतं.

हार्टलच्या सहाव्या प्रकरणात गुरुत्वाचा घड्याळांवरचा परिणाम आहे. तो आपल्या जिल्ह्यात सोडवा. साल्हेरचा माथा समुद्रसपाटीपासून १५६७ मीटर. गुरुत्व त्वरण गुणिले उंची, भागिले प्रकाशाच्या वेगाचा वर्ग, उत्तर सुमारे १.७ गुणिले १० चा उणे १३ वा घात. दिवसाच्या ८६,४०० सेकंदांनी गुणलं की सुमारे १५ नॅनोसेकंद. साल्हेरवरचं घड्याळ मुंबईच्या किनाऱ्यावरच्या घड्याळापेक्षा रोज एवढं पुढे जातं. अक्षांशानुसार पृथ्वीच्या फिरण्याचा वेग बदलतो, तो का नाही धरला? कारण विषुववृत्ताजवळ वेगामुळे घड्याळ मंदावतं, पण तिथे समुद्रसपाटी पृथ्वीच्या केंद्रापासून लांब असल्याने तेवढंच जलद होतं. समुद्रसपाटीवरची सगळी घड्याळं सारखीच चालतात, म्हणून फक्त उंची पुरते. जीपीएसच्या उपग्रहांसाठी ही सूट नाही. तिथे उंचीमुळे रोज ४५ मायक्रोसेकंद पुढे, वेगामुळे ७ मागे, निव्वळ ३८. प्रकाश तेवढ्या वेळात ११ किलोमीटरहून अधिक जातो.

वक्र अवकाश-कालात सममिती कमी होत जाते, आणि माझ्या मते पुस्तकांचा खरा कस इथे लागतो. सपाट अवकाश-कालात दहा सममिती असतात. चार सरकवण्याच्या, तीन वळणांच्या, तीन बूस्टच्या. श्वार्त्सशिल्डच्या भूमितीत, म्हणजे एकाच गोल, न फिरणाऱ्या वस्तुमानाभोवती, चारच उरतात, काळात सरकवणं आणि तीन वळणं. ग्रहाची ऊर्जा आणि कोनीय संवेग स्थिर राहतात ते यांच्या जोरावर. प्रसरण पावणाऱ्या विश्वात काळात सरकवण्याची सममितीही नाही, म्हणून तिथे 'एकूण ऊर्जा अक्षय्य' असं सरसकट म्हणता येत नाही. पुस्तकात किलिंग व्हेक्टर (भूमिती न बदलता कुठल्या दिशेने सरकता येतं ते सांगणारा) हा शब्द आला की अवघड प्रकरण म्हणून उडी मारू नका, तो नोएथरचाच माणूस आहे.

विग्नरने १९३९ मध्ये या दहा सममितींच्या रेप्रेझेंटेशनांवरून कणांची वर्गवारी केली, वस्तुमान आणि स्पिन या दोन आकड्यांवर. मग दहाच्या दहा सममिती जिथे नाहीत तिथे कण म्हणजे काय? सपाट अवकाशातही स्थिर त्वरणाने जाणाऱ्या निरीक्षकाला रिकामी पोकळी उबदार दिसते, हे उन्रूने १९७६ मध्ये दाखवलं. ही ऊब १ केल्विन व्हायला दर सेकंदाच्या वर्गाला सुमारे २.५ गुणिले १० चा २० वा घात मीटर इतकं त्वरण लागतं, त्यामुळे प्रयोगशाळेत ती थेट पकडणं फार दूरची गोष्ट. याचा हिशेब कॅरोलच्या पुस्तकाच्या शेवटच्या, नवव्या प्रकरणात आहे. पुण्याच्या आयुका या खगोलशास्त्र संस्थेतले दिवंगत पद्मनाभन यांच्या २०१० च्या गुरुत्वावरच्या पुस्तकात तो अधिक खोलात येतो. पण त्यासाठी हार्मोनिक ऑसिलेटरचे चढ-उतार ऑपरेटर न बघता लिहिता यायला हवेत. ते येत नसतील तर आधी ग्रिफिथ्सचं दुसरं प्रकरण.