नवरंग पाहायचा तर पाचोळ्यावर नजर ठेवा

मृगाच्या तोंडावर नाशिक जिल्ह्यातल्या सुरगाणा, पेठ, हरसूल या पट्ट्यातल्या ओहळांच्या काठी दोन सुरांची एक स्वच्छ शीळ ऐकू येऊ लागते, 'व्हीऽट-ट्यू'. नवरंग पक्षी आला, असं समजायचं. हिवाळा दक्षिण भारतात आणि श्रीलंकेत काढून तो विणीसाठी वर सरकतो. पाऊस संपला की परत जातो.

पहाटे आणि तिन्हीसांजेला तो नेमाने बोलतो. तमिळमध्ये त्याला 'आरुमणि कुरुवी', म्हणजे सहा वाजताचा पक्षी, म्हणतात ते यामुळेच. 'पिट्टा' हे त्याचं इंग्रजी नाव मूळचं तेलुगू, अर्थ साधा 'पक्षी'. ढग दाटून आले की भर दुपारीही शीळ घालतो.

शोधताना पहिली चूक रंगांमुळे होते. पुस्तकातल्या चित्रात हिरवी पाठ, खांद्यावर निळा पट्टा, बदामी पोट, शेपटीखाली लालभडक रंग असं सगळं एकदम दिसतं. सावलीत मात्र हिरवी पाठ पानांत पूर्ण मिसळते आणि पोटाखालचा लाल रंग झाकलेला राहतो. म्हणून डोकं बघा. डोळ्यावरून गेलेली जाड काळी पट्टी आणि तिच्या वरची फिकट भुवई अंधुक प्रकाशातही उठून दिसते. पक्षी उडाला तर पंखातला पांढरा ठिपका चमकतो. आकार साधारण साळुंकीपेक्षा लहान, लांबी १८-१९ सेंमी, शेपूट जवळजवळ नाहीच. नर-मादी सारखेच दिसतात.

दुसरी चूक म्हणजे शीळ ऐकून जमिनीवर शोधत बसणं. नवरंग जमिनीवर चरतो, पण शीळ बहुतेकदा फांदीवर बसून घालतो, मान मागे टाकून, चोच वर करून. तेव्हा आवाज आला की वर बघा आणि शीळ थांबली की खाली.

खाली असताना कान जास्त उपयोगी पडतात. सातभाईंचा थवा पाचोळ्यात सतत खसखस करतो, शिवाय कलकलाटही. चकोत्री, म्हणजे कोंबडीसारखा एक रानपक्षी, पायांनी उकरते, तो आवाज जोरकस असतो. सरडा एकदाच सळकन जातो. नवरंगाची लय वेगळी: दोन-तीन टुणटुण उड्या, मग स्तब्ध. आखूड शेपटी सावकाश खालीवर होते. मग चोचीने एक पान बाजूला फेकतो, ओल्या मातीत चोच खुपसतो आणि गांडूळ ओढून काढतो. किडे, अळ्या, गोगलगायी हाही त्याचा रोजचा आहार.

म्हणून जागा निवडताना जांभूळ, आंबा, उंबर यांची दाट सावली आणि काठाला करवंदीच्या जाळ्या असलेला ओहळ बघा. पाचोळा हातात घेऊन दाबला की ओलसर लागला पाहिजे. सहाच्या आधी पोहोचून झाडाला पाठ टेकून बसा, निदान वीस मिनिटं न हलता. ८×४२ ची दुर्बीण पुरते.

मोबाइलवर त्याची शीळ वाजवून त्याला बोलावू नका. हद्दीत दुसरा नर शिरला असं वाटून तो चरणं सोडून आवाजाच्या मागे येतो आणि विणीच्या दिवसांत ही किंमत मोठी असते. जून ते ऑगस्टमध्ये जमिनीवर किंवा खालच्या फांदीवर त्याचं घरटं, काड्या, गवत, मुळ्यांचा मोठा गोल घुमट, असतं, दार बाजूला. आत चार-पाच चकचकीत पांढरी अंडी, त्यांवर जांभळट-तपकिरी ठिपके. चुकून दिसलंच तर आल्या पावली मागे फिरा. तुडवलेल्या गवताची वाट मुंगूस आणि कुत्र्यांना थेट घरट्यापर्यंत नेते.

आपल्याकडे आणखी एक गोष्ट आहे, राब. नागली-भाताच्या रोपासाठी पालापाचोळा, फांद्या, शेण रचून उन्हाळ्यात भाजतात. ही पद्धत पिढ्यान्‌पिढ्यांची आहे आणि शेतकऱ्याला तिची गरज असते, तिला नावं ठेवण्यात अर्थ नाही. मात्र ओहळाच्या दोन्ही काठांचा दहा-दहा पावलांचा पाचोळा तिथेच राहू दिला, तर माती ओली राहते, गांडुळं वर येतात आणि जूनमध्ये येणाऱ्या पाहुण्याला जेवण मिळतं. वणवा मात्र सगळंच नेतो.

स्थलांतर रात्री होतं. त्यामुळे मे-जूनमध्ये आणि पावसाळ्यानंतर शहरातही नवरंग काचेवर आदळून किंवा थकून पडलेला सापडतो. कावळे आणि मांजर येण्याआधी त्याला बुटाच्या खोक्यात ठेवा. तळाला सुती कापड, झाकणाला चार-सहा भोकं, जागा अंधारी आणि शांत. चोचीत पाणी ओतू नका, ते श्वासनलिकेत जातं. दूध, पोळी, भात काही नको. पंख लोंबकळत असेल किंवा रक्त दिसत असेल तर वन विभागाच्या १९२६ या क्रमांकावर फोन करा. घरी ठेवून घेणं १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने गुन्हा आहे.

नुसता थकलेला असेल तर काही तासांत खोक्यातून खुडबुड ऐकू येते. दिवस मावळताना, कुत्री नसलेल्या झाडीच्या कडेला खोकं जमिनीवर ठेवा, झाकण काढा आणि मागे सरका. हातातून हवेत फेकू नका, त्याला स्वतःहून निघू द्या.