आमची वाटचाल : तमिळ सिनेमाच्या चोरट्या प्रिंटमागे

चित्रपटांच्या चोरट्या प्रती शोधून हटवणं हे आमचं काम. चेन्नईत वडपळनीला आमचं कार्यालय. सुरुवात इथल्याच बर्मा बाजारातल्या चोरट्या सीडींपासून. तेव्हा माल हाती लागायचा, छापा घालता यायचा. २००४ मध्ये तामिळनाडूने व्हिडिओचोरांना गुंडा कायद्याखालीच आणलं. आता माल म्हणजे टेलिग्रामवरची लिंक.

प्रदर्शनाच्या दिवशी आमचं काम पहाटे सुरू होतं. मोठ्या चित्रपटाचा तामिळनाडूतला पहिला खेळ ९ वाजता असला, तरी केरळात तो त्याआधीच लागलेला असतो. छोट्या निर्मात्याची आम्हाला जास्त काळजी वाटते. त्याच्या हाती थिएटरचा जेमतेम एक आठवडा असतो.

नुसतं नाव शोधून नोटिसा धाडल्या तर निर्मात्याचाच ट्रेलर उतरतो, म्हणून प्रत्येक लिंक आम्ही उघडून पाहतो. टेलिग्रामवर चॅनेलचं नाव पुरत नाही, त्या संदेशाची क्रमांकासह लिंक लागते. कॉपीराइट नियमांप्रमाणे ३६ तासांत मजकूर हटवावा लागतो. पण २१ दिवसांत कोर्टाचा आदेश दाखवला नाही तर तो परत सुरू करता येतो. त्यामुळे दाव्याचे कागद प्रदर्शनाआधीच तयार हवेत.

खरी कसोटी प्रिंट कुठून फुटली हे शोधण्यात. डीसीआय (हॉलिवूड स्टुडिओंनी ठरवलेलं डिजिटल सिनेमाचं मानक) दर्जाचं प्रोजेक्शन चित्रात आणि आवाजात अदृश्य खूण पेरतं. ती ३५ बिटांची : १९ यंत्राच्या क्रमांकाला, १६ वेळेला, तीही १५ मिनिटांच्या टप्प्याने. खात्रीने वाचायला अर्ध्या तासाचा तुकडा लागतो. चित्र एका थिएटरातलं आणि आवाज दुसऱ्यातला जोडला असेल, तर दोन खुणा दोन ठिकाणं दाखवतात. दोन्ही वेगळ्या वाचाव्या लागतात. थिएटरने सर्व्हर, म्हणजे चित्रपट चालवणारं यंत्र, बदलून कुठलं यंत्र कुठे आहे त्या यादीत नोंदवला नसेल, तर भलत्याच मालकावर आळ येतो. सिनेमॅटोग्राफ कायद्यातल्या २०२३ च्या दुरुस्तीनंतर अशा चोरीला किमान ३ महिने कैद आणि ३ लाख दंड आहे, म्हणून यंत्राचा क्रमांक आम्ही थिएटरात जाऊन पाटीवरून ताडून घेतो.

मग चोरटं चित्रीकरण कुठल्या खुर्चीवरून झालं, ते. पडद्याची डावी कड उंच आणि उजवी निमुळती दिसली, तर कॅमेरा डावीकडे होता. पण आधी श्रेयनामावलीतली अक्षरं पाहायची. ती उलटी असतील तर चित्र आरशासारखं फिरवलंय, आणि खुर्ची उजवीकडची.