रंजिसच्या घाऊक बाजारातील एक पहाट : युरोपातल्या पालेभाज्यांचे भाव समजून घेताना

पुण्याच्या गुलटेकडी मार्केट यार्डात आमच्या घरची पालेभाज्यांची आडत आहे. त्यामुळे गेल्या जानेवारीच्या अखेरीस पॅरिसला जाण्याचा योग आला, तेव्हा सर्वांत आधी मी रंजिसच्या घाऊक बाजाराच्या फेरीची जागा राखून ठेवली. पाटीवरची अक्षरे वाचून आपण ‘रुंगिस’ म्हणतो, पण टॅक्सीवाल्याला ‘रंजिस’ म्हटले तरच कळते. भर शहरातला ले आलचा जुना बाजार १९६९ साली दक्षिणेला ओर्ली विमानतळाजवळ हलवण्यात आला. आज तो २३४ हेक्टरांवर पसरला असून मांस, मासे, दूध, फुले आणि भाजीपाला यांची स्वतंत्र दालने तिथे आहेत.

या बाजारात खरेदीदाराच्या ओळखपत्राशिवाय कोणालाही एकट्याने हिंडता येत नाही, म्हणून मार्गदर्शकासोबतची फेरी आधीच आरक्षित करणे आवश्यक आहे. इंग्रजीतील फेऱ्या ठरावीक दिवशीच असतात, त्यामुळे तारीख ठरवून मगच विमानाचे तिकीट काढावे. बस पॅरिसमधील दाँफेर-रोशरो चौकातून अंधारातच सुटते आणि त्या वेळी मेट्रो बंद असते. मी रात्री सांगून ठेवलेली टॅक्सी आलीच नाही, आणि मुक्काम चौकापासून पायी वीस मिनिटांवर होता म्हणूनच बस मिळाली. तेव्हा मुक्काम त्याच परिसरात करावा. दालने थंड ठेवलेली असतात, जमीन ओली असते आणि माल वाहणाऱ्या गाड्या वेगाने शेजारून जातात, म्हणून लोकरीचे कपडे आणि बंद बूट हवेतच. अंगावर घालायला पांढरा कोट आणि टोपी तिथे मिळते. शाकाहारी मंडळींनी एक गोष्ट लक्षात घ्यावी की, ही फेरी मासे आणि मांसाच्या दालनांतूनही जाते व शेवटच्या न्याहारीत थंड मांसाचे काप असतात. आरक्षणाच्या वेळीच सांगून ठेवल्यास चीज, पाव आणि फळांवर भागते.

मला पाहायचे होते ते ‘कारो’, म्हणजे पॅरिसच्या भोवतालच्या ईल-द-फ्राँस प्रदेशातील शेतकरी आपला माल स्वतः विकतात ते दालन. फेरीत ते असेलच असे नाही, म्हणून मार्गदर्शकाला सुरुवातीलाच विनंती करावी. एका वयस्क शेतकऱ्याने माझ्यासमोर सॅलडचा, म्हणजे आपण ज्याला लेट्यूस म्हणतो त्याचा, एक गड्डा उलटा केला आणि देठाचा तळ चाकूने पातळ चकतीइतका कापला. पांढऱ्या कापावर क्षणात दुधासारखे थेंब उभे राहिले. शेजारच्या पेटीतील, आदल्या दिवशी कापलेल्या गड्ड्याचा देठ गंजासारखा तांबूस झाला होता. कोथिंबिरीच्या जुडीचा देठ मोडून ताजेपणा पाहणारे माझे वडील त्या वेळी मला फार जवळचे वाटले.

आपल्याकडे पालेभाजीचा भाव शेकडा जुड्यांवर निघतो. इथे साध्या सॅलडची पेटी बारा गड्ड्यांची. लिलाव नाही, उतरता भाव दाखवणारे लिलावाचे घड्याळ नाही आणि रुमालाखालचा सौदाही नाही. विक्रेता आणि ग्राहक पेटीजवळ उभे राहून दोन वाक्यांत व्यवहार करतात. बोलला जाणारा भाव साडेपाच टक्के कर सोडून असतो. मात्र सरकारी भाव-वृत्त सेवा रोज बाजारातील किमान, कमाल आणि सरासरी दर गोळा करून संकेतस्थळावर मोफत देते. जाण्यापूर्वी पाच-सहा आठवड्यांचे आकडे तिथे वाचून ठेवावेत, म्हणजे त्या दिवशीचा भाव तेजीचा की मंदीचा हे उभ्या उभ्या कळते. उत्पादकाचा भाव मागील पाच वर्षांच्या सरासरीच्या फार खाली गेला, तर ही सेवा त्या मालाला अधिकृतपणे संकटग्रस्त ठरवते आणि मोठ्या दुकानांनी आपला नफा मर्यादित ठेवावा अशी कायद्याची अपेक्षा असते. ही तरतूद आपल्याकडील व्यापाऱ्यांनी आणि शेतकऱ्यांनी बारकाईने अभ्यासावी, असे मला मनापासून वाटते.

या पाल्याच्या भावाला दोन हवामाने लागतात : जिथे तो पिकतो तिथले आणि जिथे तो खाल्ला जातो तिथले. एप्रिल-मेमध्ये पॅरिसला अचानक चार दिवस ऊन पडले की सॅलडची मागणी वाढते आणि पाऊस लागला की तोच माल पडून राहतो. गड्डा मात्र शेतात थांबत नाही. दिवस वाढले की तो फुलावर येतो आणि कडू होतो. हिवाळ्यात चित्र वेगळे असते. तेव्हा दक्षिण फ्रान्सच्या प्रोव्हान्समधील ओकच्या पानांच्या आकाराचे सॅलड, पश्चिमेकडील नाँत शहराच्या भोवतालचे चमच्याएवढ्या पानांचे ‘माश’ आणि स्पेनच्या मुर्सिया भागातून शीतवाहनांनी येणारे घट्ट गड्ड्याचे आइसबर्ग सॅलड बाजार भरतात. मुर्सियाचे पीक पावसावर नाही, तर ताखो नदीचे पाणी सेगुरा खोऱ्यात आणणाऱ्या, १९७९ साली सुरू झालेल्या कालव्यावर बरेच अवलंबून आहे. २०१७ च्या जानेवारीत तिथे बर्फ पडला, आवक तुटली आणि ब्रिटनमधील काही साखळी दुकानांनी माणशी तीनच आइसबर्ग देण्याचा नियम केला; काही माल तर अमेरिकेहून विमानाने आणावा लागला. एका प्रदेशावर अख्ख्या खंडाचा हिवाळा टांगलेला असला की असे होणारच.

याला अपवाद ‘आँदीव’ या चिकोरीच्या कोंबांच्या भाजीचा, आणि मी सर्वाधिक वेळ त्याच्याच पेट्यांपाशी घालवला. उत्तर फ्रान्समध्ये शरद ऋतूत याची मुळे उपटून शीतगृहात ठेवतात आणि गरजेनुसार ती अंधाऱ्या, उबदार खोलीत उभी करून सुमारे तीन आठवड्यांत फिकट पिवळसर टोकाचा पांढरा कोंब काढतात. पाने साठवता येत नाहीत, पण मूळ साठवता येते. त्यामुळे आवक शेतकऱ्याच्या हातात राहते आणि सॅलडसारखी एका रात्रीत तेजी-मंदी होत नाही. पण मुळांना गारवा आणि कोंबांना ऊब, दोन्ही विजेवरच मिळतात. २०२२ साली विजेचे दर भडकले तेव्हा या उत्पादकांचा खर्च विक्रीच्या भावात निघेना आणि काहींनी खोल्या चालवायच्या की नाहीत याचाच विचार सुरू केला होता.

पेटीवरची चिठ्ठी वाचायला अवश्य शिकावे. उगमदेश आणि प्रत त्यावर लिहिलेली असते. सॅलडच्या गड्ड्यांना युरोपीय नियमांत पहिली आणि दुसरी अशा दोनच प्रती आहेत, ‘विशेष’ प्रत नाही. नायट्रेटची मर्यादाही ऋतूप्रमाणे बदलते : उघड्यावर पिकवलेल्या साध्या सॅलडसाठी उन्हाळ्यात किलोला ३००० मिलिग्रॅम, हिवाळ्यात ४०००, कारण उजेड कमी असताना पानांत नायट्रेट अधिक साचते.

फेरीत सहभागी झालेल्यांना घाऊक माल विकत घेता येत नाही, पण त्याचे वाईट वाटून घेऊ नये. बस पुन्हा दाँफेर-रोशरोला सोडते आणि तिथून अगदी जवळ दागेर रस्त्यावर भाजीची दुकाने आहेत. पहाटे पाहिलेले माश, आँदीव आणि सॅलड तिथे उगमस्थानाच्या पाटीसह मांडलेले असते. वहीत टिपलेला सॅलडच्या पेटीचा भाव बाराने भागून पाटीवरच्या एका गड्ड्याच्या किमतीशेजारी लिहावा. मी तसे सात मालांचे केले आणि ती वही आता आमच्या गाळ्यावर आहे.