वाळवंटातला एकटा माणूस

आज एक प्रायोगिक लघुपट पाहिला आणि अजून त्यातच आहे. संवाद नाहीत, कथा म्हणावी तशी नाही. एक माणूस वाळवंटातून चालतो, एवढंच. कॅमेरा त्याच्या जवळ जातच नाही. झाड नाही, घर नाही, त्यामुळे अंतर मोजायला डोळ्याला आधारच उरत नाही. तो शंभर पावलांवर आहे की दोन किलोमीटरवर, कळत नाही. एकटं पडलेलं माणूस आपल्याला असंच दिसतं, असं फार आतून वाटलं.

तापलेल्या वाळूलगतची हवा विरळ होते, प्रकाश वाकतो आणि दूरवर पाणी असल्याचा भास होतो. दिग्दर्शकाने लांब पल्ल्याच्या लेन्सने नेमकं हेच पकडलंय. त्या थरथरत्या हवेत आधी त्याचे पाय विरघळतात, मग धड.

आणि आवाज! काही वाळूच्या टेकड्या घसरताना खरंच घुमतात, साधारण ७० ते १०५ हर्ट्झच्या खर्जात. इथे पार्श्वसंगीताच्या जागी तोच घुमार आहे. शेवटी येणारं व्हायोलिन मात्र नको होतं. आपल्याला काय वाटायला हवं, ते तिथे उगाच सांगितलं जातं.

तरीही मिळाला तर बघाच, आणि हेडफोन लावून. मोबाइलच्या स्पीकरवर तो खर्ज नीट ऐकूच येणार नाही.