पहाटे साडेचारची पाळी
आज पहाटे साडेचारला खानापूरजवळच्या घरी लॅपटॉप उघडला, कारण तेव्हा ब्रिस्बेनमध्ये नऊ वाजलेले असतात आणि तिथल्या एका गोमांस कंपनीची कागदपत्रे मी इथून तपासतो (तेही गोहत्याबंदी असलेल्या कर्नाटकात बसून). ऑस्ट्रेलियात प्रत्येक गुराच्या कानात इलेक्ट्रॉनिक बिल्ला असतो व त्याच्या प्रत्येक स्थलांतराची नोंद व्हावी लागते. आज त्यातला एक क्रमांक काही केल्या जुळेना. शेवटी कत्तलखान्यात उभ्या असलेल्या माणसाने तो वाचून सांगितला. त्याला मात्र घरून काम करण्याची सोय कधीच मिळणार नाही, आणि आमच्या ऑनलाइन बैठकांत हा विषय निघतही नाही. उजाडल्यावर आई धार काढत असताना मी आमच्या म्हशीच्या कानातल्या पिवळ्या बिल्ल्यावरचे 12 आकडे वाचत उभा राहिलो, तेव्हा ती म्हणाली, “अजून सुटला नाहीस का रे कामातून?”